हात

मेहेर चौकात, खाली सायकलचं दुकान, वर त्यांचं ऑफिस.
टायपिस्ट म्हणून लागले मी, मिनिटाला चाळीस शब्द.
तिसऱ्या दिवशी गायधनी सर म्हणाले,
मशीन राहू द्या जरा. हात दाखवा.
वाटलं, भविष्य बघतात की काय.
तळव्यांकडे त्यांनी पाहिलंच नाही,
पालथे करून खिडकीच्या उजेडात धरले आणि म्हणाले,
चालतील. बांगड्या तेवढ्या काढा, चमकतात.

मग ते हात कुठे कुठे गेले.
निफाडच्या मळ्यात, घडात विरळणीची कात्री घेऊन.
शंभर मणी ठेवायचे, बाकीचे पाडायचे.
मला पाडवेनात. अकरा टेक झाले.
पेठच्या सुईणींसाठी कापडी बाळाची नाळ बांधली,
दोन गाठी, मध्ये उकळलेलं ब्लेड.
पाचवीच्या अपूर्णांकांसाठी भाकरी मोडली,
अर्धी, पाव, पावाची अर्धी.
सरांना नागलीचीच हवी होती,
सुरगाण्याच्या पोरांना परकी वाटायला नको म्हणून.
नागलीची भाकरी सरळ मोडत नाही.
त्या फिल्ममधला एक अष्टमांश जरा मोठाच आहे,
अजून कुणी पकडलेला नाही.

मतदानाच्या फिल्मसाठी बोटाला शाई लावली.
ती खरी निघाली.
रविवारी केंद्रावरच्या माणसानं नख पाहून परत पाठवलं.
त्या वर्षी जिल्हाभर मत कसं द्यायचं ते शिकवलं मी,
माझं तेवढं राहिलं.

सर काहीही करायचे.
सकाळी कांद्याची चाळ, दुपारी देवळालीला रक्तदान,
रात्री नांदूरमध्यमेश्वरच्या पाणपक्ष्यांचं निवेदन लिहीत
मलाच विचारायचे, 'उतरतात' बरं की 'टेकतात'?
बियाण्यांच्या कंपनीची जाहिरातही केली एकदा. वाईट केली.
पैसे आले, त्यातून ट्रायपॉडचा मोडलेला पाय आला.

आणि तांबट आळी.
ती कुणी सांगितली नव्हती, कुणाला काही शिकवायचं नव्हतं.
बावीस मिनिटं नुसते हातोडे, निवेदन नाही,
हंड्याच्या पोटावर ठोका पडतो आणि उजेड हलतो.
दिल्लीहून पत्र आलं तिच्यासाठी, एकुलतं एक.
त्यात माझे हात नाहीत.
पंधरा दिवस मी त्यांच्याशी धड बोलले नाही,
का, ते त्यांनी विचारलं नाही, मीही सांगितलं नाही.

मीठ-साखर-पाण्याच्या वेळी दिव्याचा पत्रा लागला
अंगठ्याच्या मुळाशी. हात दचकला, पाणी सांडलं नाही.
कॅमेरा चालूच होता.
नंतर मलम त्यांनीच आणलं, त्यांनीच लावलं,
आणि शॉट तसाच ठेवला.
कातडं जळाल्याचा वास फिल्मवर येत नाही, म्हणाले.
हे बोलणं मी अजून कुठे ठेवायचं ते ठरवलेलं नाही.

श्रेयनामावलीत शेवटी, 'साहाय्य: कु. सिंधू आहेर'.
माझं लग्न झालं, दोन पोरं झाली,
'कु.' तसंच राहिलं, नवी पाटी रंगवायला पैसे पडतात.

मागच्या चैत्रात हरसूलच्या बाजारात
एक बाई करवंदं मोजून देता देता थांबली.
माझा अंगठा धरला, उलटा केला.
शाळेच्या भिंतीवर चादर बांधून दाखवलेलं तिला आठवत होतं.
चमचा दचकतो तो हात, म्हणाली.
धाकट्याला तसंच पाजलं होतं मी, चमच्या-चमच्यानं, रात्रभर.
धाकटा मागे टेम्पोत पोती चढवत होता.
त्यानं एकदा पाहिलं आणि पुन्हा पोतं उचललं.

हे सांगायला गंगापूर रोडला गेले.
सर गॅलरीत, एका डोळ्यावर हिरवी पट्टी.
कानांनी कितपत ऐकलं कळलं नाही.
मी चहा ओतायला घेतला.
उघड्या डोळ्यापुढे त्यांनी दोन बोटांची चौकट धरली,
म्हणाले, जरा डावीकडे, सावली पडतेय.

मी कप डावीकडे घेतला.